आकाशातला पहारेकरी आणि खैरानची पाण्याची टाकी

पुण्याहून फोन आला. करणारे गृहस्थ इंजिनिअर. पूर्वी फिंतासला माझ्याच इमारतीत वरच्या मजल्यावर राहत, पेट्रोकेमिकलच्या कारखान्यात कामाला होते, आता कुवेत सोडून कायमचे मायदेशी गेलेले. इकडचे तिकडचे बोलून झाल्यावर ते म्हणाले, "वकीलसाहेब, तुमचा तो आकाशातला पहारेकरी आठवतो का? त्याच्या पिढीतले आता एकेक करून निवृत्त होताहेत."

मी विचारले, "निवृत्त म्हणजे खाली उतरवतात?"

"छे हो. उरलंसुरलं इंधन जाळून आणखी वर ढकलतात. मागून येणाऱ्यांना जागा मोकळी व्हावी म्हणून. मग तिथेच फिरत राहायचं."

"कायमचे?"

"कायमचं. एक तर अगदी नवा होता. वर जाऊन वर्ष झालं नाही तोच मुका झाला. कुणाला उत्तर देत नाही, नुसता वाहत चाललाय."

फोन ठेवल्यावर माझे कामात चित्त लागेना. समोर एक आंध्रचा ड्रायव्हर इकाम्याच्या, म्हणजे वास्तव्य परवान्याच्या, मुदतवाढीचा अर्ज घेऊन बसला होता. त्याचे नाव मी दोनदा चुकीचे टंकलिखित केले. ही गोष्ट माझ्या हातून सहसा घडत नाही.

माझा व्यवसाय अर्जनवीसाचा. कुवेतमध्ये राई नावाचा भाग आहे, मोटारींचे गॅरेज आणि गोदामे यांनी भरलेला. तेथील एका फोटोकॉपीच्या दुकानात, दाराशेजारी, माझे टेबल असे आणि अद्याप आहे. शिक्षण नववीपर्यंत. दहावीच्या परीक्षेस न बसण्याची कारणे घरगुती होती, त्यांचा येथे संबंध नाही. इराकी फौजा गेल्यानंतर, तेलविहिरींचा धूर नुकताच विझला असताना मी या देशात आलो आणि दोन वर्षांत अरबी अर्जाचे सर्व मायने मुखोद्गत केले. कामगार मला वकीलसाहेब म्हणू लागले. तो किताब मी मागितला नव्हता. मिळाल्यावर नाकारण्याचेही कारण दिसले नाही. योग्य शब्दांत, योग्य अधिकाऱ्यास लिहिले तर जगात कोणतीही दाद मागता येते, या विश्वासावर माझे सबंध आयुष्य उभे आहे. त्या विश्वासाची परीक्षा दोन हजार तीन साली झाली.

त्या वर्षीच्या आरंभी इराकशी युद्ध होणार हे भाजीवाल्यालाही ठाऊक होते, फक्त केव्हा ते कोणालाच ठाऊक नव्हते. लोक विषारी वायूच्या भीतीने खिडक्यांना चिकटपट्ट्या लावीत होते. पाण्याच्या बाटल्यांचे खोके जिन्यात रचलेले होते. सरकार भोंग्यांची चाचणी घेई तेव्हा कबुतरे उडत, आणि चाचणी संपली तरी माणसांच्या छातीत काही वेळ ती उडतच राहत. मला बसून राहवत नसे. अर्ज लिहिता लिहिता मी उठून दारात जाई, रस्ता पाही, परत येई.

अशाच एका दिवशी इंजिनिअरसाहेब पत्नी व मुलाला पुण्यास धाडण्याच्या कागदांसाठी माझ्याकडे आले. मुलगा आठदहा वर्षांचा, मराठीत विचारले तरी इंग्रजीत उत्तर देणारा. मी सहज विचारले, "साहेब, क्षेपणास्त्र तिकडून सुटले हे भोंग्याला इकडे कळते कसे?"

ते म्हणाले, "वर एक उपग्रह आहे. लष्करी. पृथ्वीबरोबरच फिरतो, म्हणून आपल्या दृष्टीने एकाच जागी असतो. त्याला एक दुर्बीण आहे, ती फक्त उष्णता बघते."

"इन्फ्रारेड, अंकल," मुलगा म्हणाला.

"हो, तेच. क्षेपणास्त्र सुटताना मागे मोठा जाळ असतो. तो जाळ त्याला दिसतो. तो जमिनीवरच्या केंद्राला कळवतो, केंद्र इथं कळवतं, आणि इथे भोंगा वाजतो. मध्ये फार वेळ नसतो. पण पायऱ्या उतरून खाली जाण्याइतका मिळतो."

"म्हणजे तो आपल्यासाठीच ठेवला आहे?"

ते हसले. "आपल्यासाठी? वकीलसाहेब, तो जन्मला दुसऱ्याच भांडणासाठी. दोन बड्या देशांचं भांडण होतं, एकमेकांची मोठी रॉकेटं बघायला हे वर सोडले. ते भांडण मिटलं. मागच्या युद्धात लक्षात आलं की याला लहान जाळही दिसतात. तेव्हापासून हेही काम. मुदत संपली तरी चालतोय, म्हणून ठेवलाय."

हा खुलासा माझ्या मनात रुतून बसला. एका कामासाठी आणलेला, दुसऱ्याच कामाला लावलेला, मुदत संपली तरी चालतो आहे म्हणून ठेवून घेतलेला. अशा माणसांचे अर्ज मी रोज लिहीत होतो. त्या संध्याकाळी फिंतासच्या समुद्रकाठी उभा राहून मी बराच वेळ दक्षिणेकडे वर पाहत राहिलो. तो दिसत नाही हे ठाऊक असूनही पाहिले.

घरी परतलो आणि जिन्यातच एक गोष्ट लक्षात येऊन पाय थबकला. उपग्रह पाहील, केंद्र कळवील, भोंगा वाजेल. परंतु भोंग्याचा आवाज जेथे पोचतच नाही तेथील माणसाने काय करावे?

माझ्या धाकट्या बहिणीचे यजमान, म्हणजे आमचे भावोजी, खैरानला होते. दक्षिणेस, सौदीच्या सरहद्दीकडे, समुद्रकाठी धनिकांचे सुट्टीचे बंगले बांधतात, तेथे स्लॅबच्या फळ्या ठोकणारे सुतार. व्हिसा मीच काढून दिला होता. शेड वस्तीपासून दूर, वाळूत. मी फोन करून विचारले, तेथे भोंगा ऐकू येतो काय?

"हंय खयचो भोंगो, दादानू?" ते म्हणाले. "हंय वारो वाजता, तेवढोच."

मी लिहितो शुद्ध, पण गावच्या माणसाशी गावचेच बोलतो. म्हटले, "भावोजी, चेष्टा नको. थंयसून निघा आणि माझ्याकडे येवा."

"पासपोर्ट कंपनीकडे आसा. आणि ह्यो स्लॅब पडल्याबिगर मुकादम सोडूचो नाय."

दोन दिवसांनी गावाहून बहिणीचा फोन आला. तिचे दिवस भरत आले होते, पहिलेच बाळंतपण. शेजाऱ्यांच्या घरातून बोलत होती, मागे कोंबड्या ओरडत होत्या.

"दादा, टीव्हीवर काय काय दाखवतत. तू थंय आसस म्हणान मी त्येंका धाडलंय."

"मी बघतंय."

"बघतंय नको. त्येंका कायव झाला तर तुझ्या दारात येऊन बसतलंय, सांगून ठेवतंय. पोराक घेऊन."

माझी बहीण बोलेल ते करते. त्या दिवसापासून माझी झोप आणि भूक दोन्ही गेली.

प्रथम मी रीतसर मार्ग अवलंबिला. एका सरकारी कचेरीत अर्ज दिला की सदर शेडमध्ये पुष्कळ कामगार असून तेथे भोंग्याची सोय व्हावी. खिडकीवरच्या कारकुनाने तो वाचला आणि शेजारच्याला ऐकवला. दोघेही हसले. "या अखी," तो म्हणाला, म्हणजे अरे बंधू, "तिकडे वाळूवर कोण क्षेपणास्त्र टाकणार? बुकरा ये, बुकरा." बुकरा म्हणजे उद्या. दुसरा अर्ज कंपनीच्या मुदीरास, म्हणजे व्यवस्थापकास, दिला की कामगारांना शहरात हलवावे. उत्तर आले नाही.

तेव्हा मी तिसरा अर्ज लिहिला. इंग्रजीत भाषांतर करून मिळावे म्हणून तो इंजिनिअरसाहेबांपुढे ठेवला. मायना असा होता: "प्रति, आकाशस्थ निरीक्षण यंत्रणेचे मुख्य व्यवस्थापक. विषय, खैरान येथील कामगारांना इशाऱ्याच्या लाभात समाविष्ट करून घेणेबाबत."

साहेबांनी तो शेवटपर्यंत वाचला. हसले नाहीत, याबद्दल मी त्यांचा ऋणी आहे.

"वकीलसाहेब, हा पाठवायचा कुठे?"

"पत्ता तुम्ही सांगाल."

"त्याला खैरान दिसतच असेल. आपण दोघं इथे बसलोय तेही त्याच्या टप्प्यात आहे. पण तो अर्ज वाचत नाही, त्याला फक्त आग दिसते. आणि आग दिसली की तो सांगतो, एवढंच. पुढे कुणाला धावत जाऊन उठवायचं, ते खाली जमिनीवरच्यांचं काम."

मी अर्जाची घडी केली. खाली जमिनीवरचा म्हटला तर मीच होतो.

आमच्या लोकांत मिस्ड कॉलची रीत होती. घंटी वाजवायची आणि समोरच्याने उचलण्यापूर्वी बंद करायची. पोचलो, जेवण आले, घरी फोन कर, सर्व निरोप असे जात. मी ठरविले, भोंगा वाजताच भावोजींना एक घंटी द्यायची. धोका टळल्यावर दोन. एक घंटी म्हणजे तयार झालेल्या स्लॅबखाली जाणे, दोन म्हणजे बाहेर येणे. उपग्रहापासून निघालेली साखळी राईत तुटत होती, तिला मी एक कडी जोडली. भावोजींना फोनवर हे नीट समजावले. त्यांनी होकार दिला.

युद्ध सुरू झाले. भर दुपारी भोंगा वाजला. राईतली गॅरेजची शटरे धडाधड खाली आली. एक पठाण मेकॅनिक तोंडाला ओले फडके बांधून गाडीखालीच शिरला. मी आधी दुकानाच्या फोनवरून घंटी दिली, मगच गोदामात गेलो. धोका टळल्याचा भोंगा झाला तेव्हा दोन घंट्या दिल्या. असे त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशीही झाले. प्रत्येक वेळी मला कर्तव्य पार पडल्याचे समाधान वाटले, आणि त्या समाधानाखाली काहीतरी कुरतडत राहिले, कारण तिकडून काहीच कळत नव्हते.

तिसऱ्या दिवशी भावोजींचाच फोन आला. धापा टाकत होते.

"दादानू, फोन वाजता, मी येयसर बंद! चढान चढान पाय मोडले माझे."

"चढान? खंय चढतास?"

"टाकीवर. हंय खाली रेंज खंय आसा? फोन टाकीवर खिळ्याक लावन ठेवलोहा."

खालून कोणीतरी हिंदीत ओरडले, "उतर मत मामा, तेरा साला फिर याद करेगा!" आणि पुष्कळ माणसे हसली.

 शेडजवळ लोखंडी मचाणावर पाण्याची टाकी होती. त्या सबंध किनाऱ्यावर तिच्याहून उंच काही नव्हते. माझी घंटी वाजली की भावोजी स्लॅबखाली जाण्याऐवजी शिडीवरून वर, उघड्या आकाशाखाली जात होते.

"एक घंटी म्हटल्यार आत जावचा, असा ठरला होता ना?"

"एक काय दोन, आणि तुमची काय घराकडची, वर चढल्याबिगर कळतला कसा? तिचे दिवस भरलेहत. फोन वाजलो की जावक नको?"

 योजना निर्दोष होती. खिळा चुकीच्या जागी होता.

त्याच सुमारास समुद्रावरून एक क्षेपणास्त्र अगदी खालून आले आणि भोंगा ते पडल्यानंतर वाजला, असे बोलले जाऊ लागले. मी जिन्यात इंजिनिअरसाहेबांना गाठून जाब विचारला.

"खालून आलं, जाळ लहान," ते म्हणाले. त्यांचाही चेहरा उतरला होता. "त्याला सगळं दिसतं असं मी कधी म्हटलं नव्हतं."

त्या वाक्याने माझा निर्णय झाला. साहेबांना मी भावोजींचा नंबर दिला आणि विनंती केली की येथून पुढे भोंग्याची घंटी त्यांनी द्यावी. त्यांची पाळी त्या आठवड्यात कारखान्यावर नव्हती.

"आणि तुम्ही?"

"मी खैरानला चाललो."

"वकीलसाहेब, वेड लागलंय का? घरात बसा."

दुकानमालकास टेबलावर फडके टाकण्यास सांगितले आणि शेडला पाणी नेणाऱ्या टँकरमध्ये चालकाशेजारी बसलो. रस्त्यावर लष्करी वाहनांच्या रांगा उलट दिशेने चालल्या होत्या. चालक सारखा गाणे लावी आणि बंद करी. वाऱ्याने वाळू काचेवर आपटत होती.

शेडवर पोचलो तेव्हा भावोजी फळ्या ठोकत होते. वाळले होते. मला पाहून त्यांनी हातोडी खाली ठेवली.

"दादानू, तुमी हंय? आणि ता टेबल?"

"टेबल थंयच आसा. टाकी खंय?"

मी टाकी पाहिली, शिडी पाहिली. माझ्या गुडघ्यांची तक्रार जुनी आहे. तरीही चढलो. खाली सर्व कामगार जमून पाहत होते. बिहारचा एक जण म्हणाला, "वकील साहब, ऊपर कचहरी लगाओगे क्या?" मी उत्तर दिले नाही, कारण दोन्ही हातांनी शिडी धरली होती आणि बोलण्याइतका श्वास नव्हता.

टाकीच्या कडेला एका माणसापुरती फळी होती. खिळ्यावर फोन लटकत होता. मी खाली हाक मारून रंगाचा रिकामा डबा आणि एक पाना मागविला. मग सर्वांना हिंदीत नियम सांगितला: फोन मी पाहीन. फिंतासचा नंबर दिसला की डबा वाजेल, सर्वांनी स्लॅबखाली जायचे. पुन्हा वाजेल तेव्हा बाहेर. गावचा नंबर आला तर भावोजींना हाक मारीन. मधल्या काळात शिडीला कोणीही हात लावायचा नाही.

मुकादम म्हणाला, "कामावर नसलेला माणूस टाकीवर बसू शकत नाही." मी त्यास अरबीत सांगितले की याबाबत लेखी अर्ज करावा, वर बसून विचार करीन. सगळे हसले आणि तो निघून गेला.

सकाळी चढायचे, काळोख पडला की उतरायचे. ऊन पाठीवर, वारा कानात. खाली हातोड्या चालत, मला पाणी दोरीने वर येई. माझ्यासारख्या चुळबुळ्या माणसाला एका जागी बसणे ही शिक्षाच होती. फोनकडे पाही, वर पाही, परत फोनकडे. कधी कधी वाटे, तोही असाच असेल, एकाच जागी टांगलेला, उतरून कोणाचा हात धरण्याची सोय नसलेला. त्याचा मला हेवाही वाटला. त्याला मेहुणा नव्हता.

घंटी वाजे, डबा वाजे, माणसे आत पळत. पुन्हा घंट्या, पुन्हा डबा. दोनच दिवसांत त्यांना सवय झाली. भावोजी मात्र प्रत्येक वेळी सर्वांत शेवटी आत जात, मान वर करून माझ्याकडे बघत.

आणि मग ती दुपार. फिंतासची घंटी आली, मी डबा बडविला, माणसे स्लॅबखाली गेली. वाळूवर फक्त त्यांच्या चपला राहिल्या. आकाश कोरे होते. कोठेतरी दूर एक दबका आवाज झाला, दार आपटल्यासारखा. त्याच वेळी हातातला फोन पुन्हा वाजू लागला. पडद्यावर गावचा नंबर होता. ही घंटी बंद होईना, म्हणून मी उचलली. शेजारच्या काकींचा आवाज, कोंबड्यांच्या वरताण.

"चेडू झाला! सकाळीच. दोघांय बरी आसत. त्येंका सांग रे, ती बोलूक बघता."

मुलगी झाली होती. मी खाली पाहिले. स्लॅबच्या काठाशी भावोजींचे डोके बाहेर आले होते. घंटी त्यांनी ऐकली होती.

"दादानू! कोणाचो फोन?"

मी सांगितले असते तर ते त्याच क्षणी उघड्यावर येऊन शिडीला लागले असते. मी त्यांना ओळखतो. पत्नीचा आवाज दोन हजार मैलांवरून येत असता हा मनुष्य छताखाली बसला नसता. आणि ज्या पत्नीसाठी तो वर आला असता, तिनेच मला बजावले होते.

आजवर मी हजारो अर्ज लिहिले. एकातही खोटे विधान केले नाही.

"कोणाचो नाय," मी ओरडलो. "रॉंग नंबर. आत बसा."

"नक्की?"

"भावोजी, आत!"

डोके आत गेले. मी काकींना हळूच म्हटले, मागाहून करतो, आणि फोन छातीशी धरून बसलो. त्यानंतर जो वेळ गेला तेवढा लांब वेळ मी कोणत्याही कचेरीच्या बाकावर काढलेला नाही. वर काही दिसत नव्हते. त्याला काही दिसत असेल तर त्याने ते केव्हाच सांगून टाकले होते. त्याचे काम संपले होते, माझे चालू होते. पाना धरलेल्या हाताला इतका घाम आला की तो एकदा निसटून फळीवर पडला, आणि तो आवाज ऐकून खाली दोघे बाहेर येऊ लागले. मी त्यांना अशा शिव्या दिल्या की त्या येथे लिहिण्याजोग्या नाहीत.

अखेर फिंतासच्या दोन घंट्या आल्या. मी डबा वाजविला. माणसे बाहेर येऊन आपापल्या चपला शोधू लागली.

"भावोजी," मी वरून म्हटले.  "चेडू झाला. दोघांय बरी आसत."

ते उभेच राहिले. मग विचारले, "कधी?"

"सकाळी."

"तुमका कधी कळला?"

"मघाशी."

त्यांनी फोनकडे पाहिले, डब्याकडे पाहिले, मग माझ्या तोंडाकडे. "मघाशी तर रॉंग नंबर म्हणालात."

"तो अर्ज प्रलंबित ठेवला होता," मी म्हटले.

 बिहारच्या माणसाने भावोजींच्या पाठीवर थाप मारली आणि ते शिडीला लागले. फळीवर एकच माणूस मावत होता, म्हणून मला उतरावे लागले. शिडीच्या मध्यावर आम्ही एकमेकांना कसेबसे ओलांडले. त्यांनी माझा दंड एवढ्या जोरात धरला की नंतर तेथे निळे झाले. राग होता की दुसरे काही, ते मी आजतागायत विचारले नाही.

वर त्यांचा आवाज सुरू झाला. आधी मोठ्याने, मग एकदम हळू. मी खाली डबा आणि पाना घेऊन उभा होतो आणि त्यांच्या पलीकडचे आकाश न्याहाळत होतो. फोन तर त्यांच्या कानाला होता. आता फिंतासची घंटी आली असती तर ती कोणालाच कळली नसती.